प्रवासातला सुशीचा पहिला वर्ग: पुण्यातून निघण्यापूर्वी आणि ओट्यापाशी उभे राहिल्यावर

जपानच्या प्रवासात नवशिक्यांसाठीचा सुशीवर्ग निवडताना सर्वांत आधी एक प्रश्न विचारावा, तो म्हणजे त्या वर्गात भात आपल्यासमोर तयार होणार आहे की आयता मिळणार आहे. मी केलेल्या पहिल्या वर्गात भात आधीच व्हिनेगर घालून, निववून, प्रत्येकापुढे मोजून ठेवलेला होता. आम्ही त्यावर माशाचे काप ठेवले, छायाचित्रे काढली आणि तासाभरात बाहेर पडलो. पुण्यात परतल्यावर कोथरूडच्या माझ्या स्वयंपाकघरात तोच पदार्थ करायला घेतला, तेव्हा मला त्यातले काहीच येत नसल्याचे लक्षात आले, कारण शिकण्याजोगे जे होते ते वर्ग सुरू होण्यापूर्वीच उरकलेले होते. सुशी म्हणजे कच्चा मासा, असा आपल्याकडे समज आहे. नुसत्या कच्च्या माशाच्या कापांना जपानी लोक साशिमी म्हणतात. सुशीची ओळख व्हिनेगर, साखर आणि मीठ घातलेल्या भाताने ठरते. हा आंबटपणा मुळात व्हिनेगरचा नव्हताच. पूर्वी खारवलेला मासा भातात दाबून महिनोन् महिने आंबवत, आणि बिवा सरोवराच्या परिसरात फुनाझुशी या नावाने तो प्रकार आजही टिकून आहे. आज सगळीकडे दिसणारी, हाताने वळलेली निगिरी सुशी त्या मानाने अलीकडची असून ती एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात एदो शहरात, म्हणजे आजच्या टोकियोत, रूढ झाली.

म्हणून माझा आग्रह असा की, वर्गाचे पैसे भरण्यापूर्वी घरी दोनदा तरी हा भात करून पाहावा. त्यासाठी मावळचा इंद्रायणी पुरेसा चांगला आहे. जपानी तांदळाचा दाणा अधिक आखूड आणि गोलसर असतो, तरी चिकटपणाच्या बाबतीत आपल्या बाजारात सहज मिळणाऱ्या तांदळांपैकी इंद्रायणीच त्याच्या जवळ जातो. बासमती किंवा कोलम घेऊन हा सराव होणार नाही. तीनशे ग्रॅम तांदूळ हलक्या हाताने, दाणा न मोडता, पाणी जवळजवळ नितळ होईपर्यंत धुवावा, अर्धा तास भिजत ठेवावा आणि जाड बुडाच्या भांड्यात घट्ट झाकण ठेवून शिजवावा. पाणी आपल्या नेहमीच्या मऊ भातापेक्षा बरेच कमी लागते, आणि तांदूळ नवा असेल तर आणखी कमी. आच बंद केल्यावर दहा मिनिटे झाकण उघडू नये. तेवढ्या वेळात साठ मिलिलिटर तांदळाचे व्हिनेगर, दोन मोठे चमचे साखर आणि एक लहान चमचा मीठ एकत्र करून, उकळी न आणता, फक्त विरघळेपर्यंत गरम करावे. भात वाफाळता असतानाच स्टीलच्या परातीत काढून त्यावर हे मिश्रण शिंपडावे, कारण गरम दाणाच ते आत ओढून घेतो; निवलेल्या भातावर ते घातले तर खाली पाणी साचते आणि वरचा दाणा अळणी राहतो. मग लाकडी उलथन्याने भात कापल्यासारखा, आडवा-उभा, मोकळा करत राहावा आणि दुसऱ्या कोणाला तरी हातपंख्याने वारा घालायला सांगावे. ढवळल्यास दाणे चेचले जाऊन त्याची खळ होते. भात अंगाच्या उबेइतका कोमट झाला, दाण्यांवर चकाकी आली, की ओल्या फडक्याने झाकून ठेवावा. फ्रिजमध्ये ठेवू नये. दाणा कडक होतो.

हे एकदा स्वतःच्या हाताने केलेले असले, की वर्गातल्या शिक्षकांचे हात कुठे वेगळे चालतात ते दिसू लागते, आणि त्यासाठीच तर आपण तेथवर जातो.

वर्गाची जागा आणि वेळ ठरवताना काही गोष्टी ध्यानात घ्याव्यात. टोकियोत त्सुकिजी आणि आसाकुसा या भागांत परदेशी पाहुण्यांसाठीचे वर्ग पुष्कळ आहेत. त्सुकिजीचा घाऊक मासळीबाजार मात्र ऑक्टोबर 2018 मध्ये तोयोसूला हलला आहे. त्सुकिजीत आता बाहेरचा, दुकानांचा बाजार उरला आहे, त्यामुळे ‘मासळीबाजाराच्या फेरीसह वर्ग’ असे लिहिलेले असेल तर ती फेरी नेमकी कुठली, हे विचारून घ्यावे. वर्ग प्रवासाच्या शेवटच्या दिवसासाठी राखून ठेवण्यापेक्षा पहिल्या दोन-तीन दिवसांत करावा, म्हणजे पुढे जिथे जिथे सुशी खाल तिथे कारागिराच्या हालचाली समजू लागतात. एका शिक्षकामागे सहा-आठच शिकणारे असतील असा वर्ग थोडा महाग पडला तरी घ्यावा, कारण बोटे कशी धरायची हे पाठीमागच्या रांगेतून दिसत नाही.

पुणेकरांना मी आणखी एक गाव सुचवीन, ते म्हणजे ओकायामा. सिंहगड रस्त्यावरचे पु. ल. देशपांडे उद्यान ज्या कोराकुएन बागेवरून बेतले आहे, ती बाग तेथे आहे, आणि बाराझुशी हा सुशीचा प्रकार तेथलाच प्रसिद्ध. त्यात वळायचे किंवा गुंडाळायचे काही नसते. आंबट-गोड भातावर भाज्या, अंड्याच्या पट्ट्या, कोळंबी आणि आपल्या सुरमईच्या कुळातला सावारा मासा पसरून मांडतात. जेवणात एक सार आणि एकच तोंडीलावणे असावे असा तेथील सरदाराने हुकूम काढला, तेव्हा लोकांनी सगळे जिन्नस भाताखाली लपवून खायला सुरुवात केली, अशी त्यामागची गोष्ट सांगितली जाते. ज्यांना हाताने वळण्याची धास्ती वाटते, त्यांच्यासाठी हा प्रकार शिकायला सर्वांत सोपा आहे.

शाकाहारी वाचकांनी येथे विशेष सावध राहावे. काकडीची काप्पामाकी, अव्होकाडोची गुंडाळी, पिवळ्या मुळ्याचे लोणचे घातलेली गुंडाळी, गोडसर तळलेल्या टोफूच्या पिशवीत भात भरलेली इनारी असे प्रकार बहुतेक शिक्षकांना शिकवता येतात, आणि कांप्योमाकीत तर चक्क वाळवलेल्या दुधी-भोपळ्याच्या पट्ट्या असतात. अडचण मासा न दिसण्याची आहे. इनारीची पिशवी, कांप्यो, गोडसर अंडे आणि वर्गाबरोबर मिळणारे मिसो सूप हे सारे बहुधा ‘दाशी’त शिजलेले असते, आणि दाशी म्हणजे अनेकदा बोनिटो जातीचा मासा वाळवून, धुरी देऊन, त्याच्या किसापासून काढलेले पाणी. ‘व्हेजिटेरियन’ एवढा शब्द सांगून हे टळत नाही. नोंदणी करतानाच लेखी विचारावे की दाशी कोंबू या समुद्रशैवालाची किंवा शिताके अळंबीची वापरता येईल का. पुण्यात जपानी शिकलेली एखादी व्यक्ती बहुतेकांच्या ओळखीत असते. तिच्याकडून एक लहानशी चिठ्ठी जपानी लिपीत लिहून घ्यावी आणि तोंडी म्हणायला हे वाक्य पाठ करावे: ‘निकु तो साकाना वा ताबेमासेन. कात्सुओ नो दाशी मो ताबेरारेमासेन.’ मांस-मासे खात नाही, माशाची दाशीही चालत नाही, असा त्याचा अर्थ. ही चिठ्ठी पुढे सगळ्या प्रवासात उपयोगी पडते. गव्हाची ॲलर्जी असणाऱ्यांनी नेहमीच्या सोया सॉसमध्ये गहू असतो हेही लक्षात ठेवावे. गर्भवती स्त्रियांनी आणि प्रतिकारशक्ती कमी असलेल्यांनी कच्चा मासा टाळून शिजवलेली कोळंबी आणि भाज्या मागाव्यात. त्यात संकोच करण्यासारखे काही नाही.

वर्गाच्या दिवशी दहा मिनिटे आधी पोहोचावे. अत्तर लावू नये, कारण भाताला आणि माशाला वास लगेच धरतो. अंगठ्या, बांगड्या, घड्याळ काढून ठेवावे, नखे कापलेली असावीत. अनेक ठिकाणी जोडे दाराशी काढावे लागतात, तेव्हा मोजे धड असावेत. सुरुवातीला ‘ओनेगाइशिमासु’, म्हणजे ‘कृपया शिकवा’ अशा अर्थाचे, म्हणून किंचित वाकावे. जपानमध्ये बक्षिशी देण्याची रीत नाही.

आता प्रत्यक्ष काम. शिक्षक बहुधा होसोमाकीपासून, म्हणजे बारीक गुंडाळीपासून, सुरुवात करतात. नोरीचा, म्हणजे समुद्रशैवाल वाळवून केलेला पातळ, अर्धा कागद बांबूच्या चटईवर चकचकीत बाजू खाली करून ठेवायचा. नोरीला हात लावताना तो कोरडा हवा, भाताला लावताना ओला. हा क्रम चुकला की कागद आक्रसतो. शेजारी वाटीत पाणी आणि थोडे व्हिनेगर ठेवलेले असते, त्यात बोटे बुडवून टाळी वाजवावी म्हणजे जादा पाणी झडते. साधारण ऐंशी ग्रॅम भात पलीकडच्या कडेला सेंटिमीटरभर जागा सोडून पसरायचा. नवशिक्यांकडून हमखास होणारी चूक म्हणजे भात जास्त घेणे आणि तो दाबून बसवणे. भातातून नोरीचा काळा रंग कुठे कुठे डोकावला तरी चालेल. मध्यभागी काकडीची एक पट्टी ठेवून, चटईसह जवळची कडा उचलून ती भाताच्या पलीकडच्या काठाला एका दमात टेकवायची. ज्यांनी अळूवडीचे उंडे वळले आहेत त्यांना ही हालचाल परकी वाटणार नाही, फक्त अळूवडीत आपण प्रत्येक वेढ्याला आवळत जातो आणि येथे एकच वेढा असतो, तोही चटईवरून हलकेच आकार देण्यापुरता आवळायचा. जोड खाली ठेवून मिनिटभर थांबावे, सुरी ओल्या फडक्याने पुसावी, गुंडाळीचे दोन भाग करून ते शेजारी शेजारी लावावेत आणि दोन काप देऊन सहा तुकडे करावेत. प्रत्येक कापानंतर सुरी पुन्हा पुसावी आणि खाली दाबण्याऐवजी आपल्याकडे ओढत कापावे.

निगिरीशी मात्र मी खूप वेळ झगडले. पंधरा ते वीस ग्रॅम भात, म्हणजे जेमतेम एक लहान घास, उजव्या हाताच्या बोटांत गोळा करायचा, डाव्या तळहातावर माशाचा काप आणि त्यावर नखभर वासाबी, म्हणजे झणझणीत हिरवी चटणी, ठेवायची आणि दोन-तीन हालचालींत दोन्ही एकमेकांना चिकटवायचे. माझ्या हाताला वरणभाताची मूद पाडायची सवय, त्यामुळे मी भात घट्ट दाबत राहिले. शिक्षिकेने माझी निगिरी मधोमध मोडून दाखवली; आत दाणा दाण्यात रुतला होता. मग त्यांनी स्वतःची मोडली, आणि तिच्या आतले दाणे सुटे, मधे हवा राहिलेली होती. निगिरी बाहेरून धरलेली आणि आतून मोकळी असावी, म्हणजे उचलताना ती टिकते आणि जिभेवर सुटते. हे समजायला मला बारा निगिरी लागल्या. तेव्हा जादा भात मागायला लाजू नये, आणि शिक्षकांना आपली निगिरी मोडून दाखवण्याची विनंती आवर्जून करावी.

जे केले ते तेथेच खायचे असते, म्हणून भुकेल्या पोटीच जावे. जेवणाआधी कृतज्ञतेने म्हणायचे ‘इतादाकिमासु’ म्हणून सुरुवात करावी. निगिरी हाताने खाल्लेली चालते, याचा आपल्याला आनंदच वाटावा. ती उलटी करून माशाची बाजू सोया सॉसला टेकवावी, भाताची नव्हे, आणि एका घासात खावी. आल्याचे लोणचे दोन प्रकारांच्या मधे, तोंड स्वच्छ करण्यासाठी असते. चॉपस्टिक भातात उभ्या रोवू नयेत. तेथे तसा भात मृतासाठी ठेवतात, आणि पिंडाचे पान ठाऊक असलेल्या आपल्याला यामागची भावना समजावून सांगावी लागू नये.

परत येताना बांबूची चटई, लाकडी उलथने आणि नोरीची बंद पाकिटे आणावीत. आसाकुसा आणि उएनो यांच्या मधल्या काप्पाबाशी रस्त्यावर स्वयंपाकाच्या भांड्यांची दुकानेच दुकाने आहेत. सुरी घेतली तर ती आणि व्हिनेगरची बाटली, दोन्ही चेक-इन सामानात ठेवावीत. आठवडाभरात, हात विसरण्यापूर्वी, इंद्रायणीवर पुन्हा बसावे. पुण्यात कच्चा मासा वापरण्याच्या फंदात मात्र पडू नये. सुशीसाठीचा मासा परजीवी मारण्यासाठी उणे वीस अंश सेल्सिअसला ठरावीक काळ गोठवलेला असावा लागतो आणि घरच्या फ्रीजरचा त्यासाठी भरवसा धरता येत नाही. नदीचा मासा तर कधीच कच्चा खाऊ नये. काकडी, गाजर, अंड्याची पट्टी, उकडलेली कोळंबी यांवर उत्तम सराव होतो. जुलै-ऑगस्टच्या दमट हवेत नोरी तासाभरातही मऊ पडते, तेव्हा प्रत्येक कागद वापरण्याच्या आधी मंद आचेवरून दोन्ही बाजूंनी काही क्षण फिरवून घ्यावा आणि उरलेले कागद तांदळाच्या पुरचुंडीसह घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवावेत.