पक्ष्यांची हुशारी पडद्यावर मांडताना

पक्ष्यांवर कार्यक्रम करायचाय म्हणून मुलं भेटायला येतात, तेव्हा पहिला प्रश्न लेन्सचा असतो. मी आधी वही घ्यायला लावते. डाव्या पानावर फक्त डोळ्यांना दिसलं ते लिहा, उजव्यावर त्यावरून काय वाटलं ते. निवेदनाची सुरुवात कायम डाव्या पानावरून करा.

हा हट्ट का, ते सांगते. जपानमधल्या सेंदाईचे कावळे गाड्यांखाली अक्रोड फोडून घेतात, हे दृश्य जगभर गाजलं. पण कॅलिफोर्नियातल्या डेव्हिसमध्ये कावळ्यांवर नीट नोंदी ठेवल्या, तेव्हा गाडी येत असो वा नसो, ते रस्त्यावर अक्रोड तितकेच टाकत होते. हा अभ्यास 1997 चा. ऑक्सफर्ड विद्यापीठातल्या बेटी या न्यू कॅलेडोनियन (पॅसिफिकमधल्या बेटांवरच्या जातीच्या) कावळीने सरळ तारेचा आकडा केला, ती बातमी 2002 ची. तिने तो ऐनवेळी डोकं लढवून केला असं सगळे म्हणत राहिले. पुढे 2016 मध्ये दिसलं की त्या जातीचे रानातले कावळेही काटक्या वाकवतात. बेटी त्यामुळे कमी हुशार ठरत नाही, पण गोष्ट बदलते.

सरावाला सुगरण घ्या. पावसाळ्यात विहिरीवरच्या बाभळीवर वसाहत सापडतेच. ऊन पाठीशी घेऊन बसा. विणकाम थांबलं, की तुम्ही फार जवळ गेलात. मुकाट मागे सरका. फांदीचं चित्र काढून घरट्यांना नंबर द्या, नाहीतर एडिटिंगला एका नराची मेहनत दुसऱ्याच्या नावावर जाते आणि प्रेक्षकाला खोटी गोष्ट दिसते. मला हे अजिबात चालत नाही.

नर गवताच्या पात्याच्या कडेला चोचीने खाच पाडतो, टोक धरतो आणि उडताना लांब पट्टी सोलून नेतो. हा शॉट न कापता घ्या. घरटं अर्धं, शिरस्त्राणासारखं झालं, की माद्या पाहायला येतात आणि नर पंख फडफडवत त्याला लटकतो. मादीने पसंत केलं तरच तो आत-बाहेर करायची नळी पूर्ण करतो, मग लगेच दुसरं घरटं बांधायला घेतो. पक्षितज्ज्ञ सलीम अलींनी अलिबागजवळ कीहीमला पाहून हे सगळं उलगडलं आणि 1931 मध्ये छापलं. त्यांच्याकडे होता तो वेळ, आणि एकाच झाडासमोर बसून राहायची तयारी.

कॅमेऱ्यासमोर बोलताना पक्षी काम करत असेल तर गप्प राहा. तो थांबला की बोला. ‘त्याला वाटलं’, ‘तिने ठरवलं’ ही वाक्यं उजव्या पानावरची. ती घ्यायचीच असतील तर ‘मला असं वाटतं’ म्हणून घ्या. रेकॉर्ड केलेली साद वाजवून पक्षी बोलावू नका, विणीच्या काळात तर नाहीच. घरट्याची नेमकी जागा पडद्यावर सांगू नका.

शेवटी कच्चं फुटेज आवाज बंद करून घरातल्या कुणालाही दाखवा आणि विचारा, काय झालं? उत्तर तुमच्या डाव्या पानाशी जुळत नसेल, तर पुन्हा शूटिंगला जा.