ग्लासगोत पाट्या वाचत फिरा

सुरुवात क्वीन स्ट्रीटवरच्या आधुनिक कला दालनापासून करा. दर्शनी खांब एकोणिसाव्या शतकात जोडलेले आहेत. बाजूला जाऊन त्यांच्या मागची इमारत नीट बघा: तंबाखूचा व्यापारी विल्यम कनिंगहॅम याचा 1778चा वाडा तो. मग इन्ग्रॅम स्ट्रीटने पूर्वेकडे निघा. उजव्या हाताला मिलर स्ट्रीट लागेल. तिथलं 42 नंबरचं 1775चं घर चुकवू नका. पुढे व्हर्जिनिया आणि ग्लासफर्ड स्ट्रीट. एक नाव अमेरिकेतल्या वसाहतीचं, एक व्यापाऱ्याचं. गुलामांनी पिकवलेल्या तंबाखूचा पैसा असा पाट्यांवर उघड लिहिलेला आहे. तंबाखूच्या जहाजांचा धक्का मात्र इथे शोधू नका. तेव्हा क्लाइड नदी उथळ होती, मोठी जहाजं इथून समुद्राच्या दिशेने सुमारे 30 किलोमीटरवर, पोर्ट ग्लासगोलाच थांबत.