विहिरीचे साल कसे ठरवावे

विहीर केव्हा खोदली, असे विचारले की "झाली असतील दहा वर्षे" हे उत्तर चटकन येते. पण कागद काढला तर पंधरा निघतात. ठसठशीत आठवण जवळची वाटते आणि म्हणूनच जुनी घटना मन अलीकडे ओढते.

त्यामुळे "किती वर्षे झाली" असे विचारूच नये. आधी पक्क्या तारखेची खूण द्यावी: ३० जुलै १९९१ चा नागपूर जिल्ह्यातील मोवाडचा पूर, किंवा ८ नोव्हेंबर २०१६ ची नोटबंदी. घटना तिच्या आधीची की नंतरची, एवढेच विचारावे. मानसशास्त्राचे अभ्यासक एलिझाबेथ लॉफ्टस आणि वेस्ली मारबर्गर यांनी १९८३ मध्ये दाखवले, की अशा खुणेने ही चूक घटते.

वर्षापेक्षा ऋतू अधिक खरा आठवतो. माझ्या आईला साल सांगता येईना. पण खोदणाऱ्यांसाठी ती पन्हे करत होती, अंगणात मोहफुले वाळत होती आणि धाकटी बहीण कडेवर होती, हे तिने लगेच सांगितले. मोहफुले म्हणजे चैत्राच्या आसपासचे दिवस. वर्ष बहिणीच्या जन्मदाखल्यावरून निघाले. वयस्कर माणसांना मात्र घाई करू नये, आणि त्यांचे शब्द जसेच्या तसे त्याच दिवशी वहीत उतरवावेत.