कृष्णविवरं आणि न्यूट्रॉन तारे: लिहिताना, शिकवताना या चुका टाळा

‘कृष्णविवर आजूबाजूचं सगळं गिळतं’ हे वाक्य मुलं पाठ करूनच येतात. त्यांना मी सूर्याचं गणित घालते. सूर्याच्या जागी तेवढ्याच वस्तुमानाचं कृष्णविवर ठेवलं, तर पृथ्वीवर काळोख होईल, सगळं गोठेल, पण तिची कक्षा तसूभरही हलणार नाही. वस्तुमान तेच, अंतर तेच, मग ओढही तीच. फरक पडतो तो अगदी जवळ गेल्यावर. सूर्याच्या केंद्राकडे जाताना सात लाख किमीवरच त्याचा पृष्ठभाग आडवा येतो, कृष्णविवराच्या बाबतीत मात्र ३ किमीपर्यंत जाता येतं. तिथे त्याची सीमा लागते, जिच्या आतून प्रकाशही बाहेर पडत नाही.

हे ३ किमी लक्षात ठेवा. वस्तुमान दुप्पट, तर या सीमेची त्रिज्याही दुप्पट. म्हणजे आकारमान आठपट, आणि सरासरी घनता चौथाई! म्हणून ‘कृष्णविवर म्हणजे प्रचंड घनता’ हेही सरसकट लिहू नका. एम८७ दीर्घिकेतलं कृष्णविवर सुमारे ६५० कोटी सूर्यांचं आहे. त्याच्या सीमेच्या आतली सरासरी घनता आपल्या हवेपेक्षाही कमी भरते.

सगळ्यात जास्त घोळ चंद्रशेखर मर्यादेचा, म्हणजे १.४ सूर्यांएवढ्या वस्तुमानाच्या मर्यादेचा होतो. ‘१.४ सूर्यांपेक्षा जड तारा कृष्णविवर होतो’ असं उत्तर मी कितीदा तपासलंय. या एका वाक्यात दोन चुका आहेत. पहिली म्हणजे, ही मर्यादा जन्मलेल्या ताऱ्याची नाही, शेवटी उरणाऱ्या गाभ्याची आहे. व्याध सूर्याच्या दुप्पट जड आहे, तरी बाहेरचे थर झटकून तो श्वेतबटूच (इंधन संपल्यावर उरलेला दाट गाभा) होणार. दुसरी चूक अशी की ही मर्यादा श्वेतबटूची आहे, त्याहूनही दाट, मुख्यतः न्यूट्रॉनांच्या बनलेल्या न्यूट्रॉन ताऱ्याची नाही. श्वेतबटूला इलेक्ट्रॉनांचा दाब तोलून धरतो. न्यूट्रॉन ताऱ्यात ‘तसाच न्यूट्रॉनांचा दाब’ एवढंच सांगून थांबलात, तर हिशोब चुकतो. १९३९ मध्ये ओपेनहायमर आणि व्होल्कॉफ या भौतिकशास्त्रज्ञांनी फक्त तो दाब धरला, आणि मर्यादा आली ०.७ सूर्य. प्रत्यक्षात दोन सूर्यांएवढे न्यूट्रॉन तारे मोजले गेले आहेत. न्यूट्रॉन फार जवळ आले की अणुकेंद्रीय बल त्यांना दूर लोटतं, उरलेला भार ते पेलतं.

पल्सार, म्हणजे ज्याचे ठोके आपल्याला मिळतात असा न्यूट्रॉन तारा, उघडझाप करतो, असंही म्हणू नका. तो फिरतो, आणि त्याचा झोत दीपगृहासारखा आपल्यावरून जातो. खोडदच्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीत टिपले जातात ते याच झोतांचे ठोके. क्रॅब तेजोमेघातला पल्सार सेकंदाला तीस फेऱ्या मारतो. श्वेतबटू एवढ्या वेगाने फिरला तर फुटून विखरेल. जेमतेम २०-२५ किमी व्यासाचा न्यूट्रॉन तारा मात्र तग धरतो.