अल्पपरिचित नटीची नोंद कशी करावी
दिग्दर्शक मणी कौल यांच्या 'दुविधा' या चित्रपटातली (1973) नववधू म्हणजे रईसा पदमसी, चित्रकार अकबर पदमसी यांची कन्या. अशा कलावंताची नोंद श्रेयनामावलीपासून सुरू करा. इंटरनेटवरच्या याद्या एकमेकींच्या चुका इमानेइतबारे उतरवतात. फ्रेम थांबवून नाव जसंच्या तसं लिहा. 'रईसा', 'रायसा' ही दोन्ही रूपं शोधा, नाहीतर एकाच बाईच्या दोन नोंदी होतात. चेहरा आणि आवाजासाठी वेगळे रकाने ठेवा, कारण आवाज दुसऱ्याचा असू शकतो.

16 मिमीचं रीळ मिळालंच तर आधी वास घ्या. व्हिनेगरसारखा आंबट आला तर प्रोजेक्टरवर चढवू नका: आकसलेल्या फिल्मची छिद्रं दात्यांवर फाटतात. असं 400 फुटांचं रीळ म्हणजे सेकंदाला 24 फ्रेमच्या गतीने सुमारे 11 मिनिटं.