जपानी मिडफिल्डरचं करिअर नीट कसं वाचायचं, यासुहितो एंडोला समोर ठेवून

जपानी फुटबॉलरचं नाव निघालं की पहिला प्रश्न ठरलेला, युरोपात कुठे खेळला? आणि उत्तर "कुठेच नाही" आलं की आपण लगेच पुढच्या नावाकडे वळतो. यासुहितो एंडो असाच सुटतो बऱ्याच जणांच्या हातून. जपानकडून 152 इंटरनॅशनल मॅच, हा तिथला रेकॉर्ड आहे, जे-वनमधे, म्हणजे तिथल्या जे-लीगच्या सगळ्यात वरच्या डिव्हिजनमधे, 672 मॅच, आणि युरोपियन क्लबचा शर्ट एकदाही अंगावर नाही. म्हणून मला वाटतं ज्याला मिडफिल्डरचं करिअर वाचायला शिकायचंय त्याने सुरुवात ह्याच माणसापासून करावी, कारण इथे मोठ्या क्लबच्या नावाचा आधारच नाहीये, खेळ आणि परिस्थिती बघूनच सगळं समजून घ्यावं लागतं.

आधी एक शीट उघडा, फोनवर किंवा वहीत कुठेही चालेल. एका सीझनला एक ओळ. त्यात वर्ष, क्लब आणि तो कुठल्या डिव्हिजनमधे होता ते, कोच कोण, हा नक्की कुठल्या जागी खेळला, आणि किती मिनिटं खेळला. गोल आणि असिस्ट सगळ्यात शेवटी लिहा, लिहिले नाहीत तरी बिघडत नाही. कोचचा रकाना मात्र गाळू नका प्लीज, मिडफिल्डरच्या आयुष्यात जागा बदलते ती बहुतेक वेळा कोच बदलला म्हणून, आणि जागा बदलली की आकडे आपोआप बदलतात, मग आपण म्हणतो "फॉर्म गेला", प्रत्यक्षात त्याला वीस मीटर मागे खेळायला लावलेलं असतं.

नाव शोधताना पूर्ण नाव टाका. नुसतं एंडो टाकलं तर वातारू एंडो येतो, लिव्हरपूलवाला, तो वेगळा. नाकामुरांचं पण तसंच, शुनसुके आणि केन्गो दोघंही मिडफिल्डर, दोघंही जपानकडून खेळलेले आणि काही वर्षं तर नॅशनल टीममधे एकत्र. आडनाव आधी लिहायची तिथली पद्धत आहे हे पण लक्षात असू द्या.

दुसरी अडचण कॅलेंडरची. जे-लीग 1993 ला सुरू झाली आणि 2025 पर्यंत सीझन एकाच वर्षात संपायचा, साधारण फेब्रुवारी-मार्चला सुरू होऊन डिसेंबरला शेवट. म्हणजे "2014 चा सीझन" हे सरळ 2014 च. युरोपातला सीझन दोन वर्षांवर पसरतो, त्यामुळे ट्रान्सफरची तारीख बघितलीत की बरंच कळतं. माकोतो हासेबे उरावा रेड्समधून वोल्फ्सबर्गला गेला तो जानेवारी 2008 मधे, म्हणजे जपानचा सीझन संपवून पण जर्मनीच्या सीझनच्या मध्यात, सगळी टीम आधीच बसलेली असताना. वातारू एंडो 2018 च्या उन्हाळ्यात उरावातून बेल्जियमच्या सिंट-ट्रुइडनला गेला तेव्हा उलट झालं, तिकडे सुरुवात आणि इकडे अर्धा सीझन टाकून. अशा वर्षातले कमी सामने बघून निष्कर्ष काढू नका. 2026-27 पासून जे-लीग पण युरोपासारखी ऑगस्टमधे सुरू होणार म्हणून 2026 च्या पहिल्या सहामाहीत एक वेगळी छोटी स्पर्धा ठेवली, तेव्हा आत्ताच्या खेळाडूंची शीट करणाऱ्यांनी ती ओळ वेगळी ठेवा.

आता पोरगा आला कुठून ते बघा. जपानमधे साधारण तीन वाटा आहेत, हायस्कूल, क्लबची यूथ टीम आणि युनिव्हर्सिटी. एंडोचा जन्म 28 जानेवारी 1980, गाव कागोशिमाकडचं, साकुराजिमा, तिथे ज्वालामुखी आहे, आणि शाळा कागोशिमा जित्सुग्यो, फुटबॉलसाठी नावाजलेली. युनिव्हर्सिटीची वाट आपल्याला उशिराची वाटते पण तिला कमी समजू नका, केन्गो नाकामुरा चुओ युनिव्हर्सिटी करून 2003 मधे कावासाकी फ्रोंतालेत आला तेव्हा तो क्लब जे-टूमधे, म्हणजे दुसऱ्या डिव्हिजनमधे होता, आणि 2016 मधे, वयाच्या 36 व्या वर्षी, हाच माणूस लीगचा एमव्हीपी, म्हणजे सीझनचा सर्वोत्तम खेळाडू झाला. विंगर काओरू मितोमाला तर कावासाकीच्या यूथमधून सरळ वर घेत होते, तो त्सुकुबा युनिव्हर्सिटीत गेला. क्लबच्या यूथमधून नाकारलेल्यांची यादी पण भारी आहे, शुनसुके नाकामुराला योकोहामाच्या मारिनोसने ज्युनियर यूथमधून वर घेतलं नाही, केइसुके होंडा आणि दाइची कामादाला गांबा ओसाकाने घेतलं नाही, तिघंही मग हायस्कूलकडून खेळून प्रो झाले. शीटमधे "यूथमधून वर नाही" असं दिसलं की तिथे खूण करून ठेवा, पुढची जिद्द बऱ्याचदा तिथली असते.

पहिल्या प्रो वर्षांसाठी पैशाचा एक नियम माहिती असलेला बरा. 1999 पासून बरीच वर्षं ए, बी, सी अशी कॉन्ट्रॅक्टची पद्धत होती, नवा खेळाडू सीवर, पगार वर्षाला जास्तीत जास्त 46 लाख येन, आणि जे-वनमधे 450 मिनिटं किंवा जे-टूमधे 900 मिनिटं झाली की वरचं ए कॉन्ट्रॅक्ट मिळायची वाट मोकळी. म्हणून मी मिनिटं लिहा म्हणतोय, शेवटची पाच मिनिटं मैदानात येऊन पण मॅच मोजली जाते, 450 मिनिटं तशी होत नाहीत.

आता एंडोच्या ओळी भरू. 1998, योकोहामा फ्ल्युगेल्स, कोच कार्लेस रेक्सॅक, बार्सिलोनाचा. हायस्कूल नुकतंच संपवलेल्या 18 वर्षांच्या पोराला त्याने सीझनच्या पहिल्याच मॅचला सुरुवातीपासून खेळवलं, समोर योकोहामाचाच दुसरा क्लब मारिनोस, आणि त्या क्लबमधे एंडोचा मोठा भाऊ आकिहिरो. अशी सुरुवात कोणाला मिळते! पण त्याच वर्षी ऑक्टोबरमधे बातमी आली की एका स्पॉन्सरने हात काढून घेतल्यामुळे फ्ल्युगेल्स मारिनोसमधे विलीन होणार. टीम मग एम्परर्स कपमधे, म्हणजे जपानच्या नॉकआउट कपमधे, जिंकतच गेली, 1 जानेवारी 1999 ला फायनलमधे शिमिझु एस-पल्सला 2-1 हरवलं आणि कप हातात घेऊन क्लब संपला. एंडोच्या ओळीत पुढे क्योतो पर्पल सांगा दिसतं, 2000 मधे ते खाली जे-टूत गेले, आणि 2001 ला गांबा ओसाका. वरवर बघणाऱ्याला तीन वर्षांत तीन क्लब दिसतील आणि वाटेल पोरगा टिकत नाही. म्हणून क्लब बदलला की कारण शोधाच, एक क्लब बंद पडला, दुसरा रेलिगेट झाला, यात त्याचा काय दोष? मधल्या काळात 1999 मधे नायजेरियात वर्ल्ड यूथ चॅम्पियनशिपला जपान फायनलला गेलं त्या टीममधे तो होता, शिनजी ओनो, जुनिची इनामोतो ही सगळी त्याच बॅचची पोरं.

गांबात 2002 ला आकिरा निशिनो कोच म्हणून आला आणि 2011 पर्यंत राहिला. कोचच्या रकान्यात दहा वर्षं एकच नाव, तिथेच एंडोची उंची तयार झाली. 2005 ला लीग, 2008 ला एएफसी चॅम्पियन्स लीग, 2009 मधे तो आशियाचा प्लेअर ऑफ द इयर. 2003 ते 2012 सलग दहा वर्षं जे-लीगच्या बेस्ट इलेव्हनमधे. एका चांगल्या सीझनचे हायलाइट्स बरेच जण दाखवतील, सलग दहा वर्षं दाखवणारे मोजकेच.

पण शीटमधली सगळ्यात शिकवणारी ओळ 2012 ची आहे. त्या वर्षी गांबाने लीगमधे सगळ्यात जास्त गोल केले, 67, आणि तरी टीम रेलिगेट झाली. परत वाचा. सगळ्यात जास्त गोल करणारी टीम खाली गेली, कारण 65 गोल खाल्ले. टेबल बघून मिडफिल्डरला बोल लावायचा तर कुठल्या टोकाने लावणार? एंडो 32 वर्षांचा, नॅशनल टीमचा कणा, वर्ल्ड कप दीड वर्षावर, कुठेही जाऊ शकला असता. राहिला. 2013 ला जे-टू जिंकून टीम वर आणली. 2014 ला वर्ल्ड कपच्या ब्रेकपर्यंत गांबा परत रेलिगेशन झोनमधे, आणि तिथून सुटले ते लीग, लीग कप, एम्परर्स कप तिन्ही घेऊनच थांबले, एंडो 34 व्या वर्षी एमव्हीपी. माझ्या मते ह्या तीन ओळी म्हणजे त्याचं अख्खं करिअर, वेळ कमी असेल तर ह्याच तीन आधी भरा.

नॅशनल टीमसाठी वेगळी शीट करा, क्लबमधे मिसळू नका. इथे नुसत्या कॅप्सचा, म्हणजे देशाकडून खेळलेल्या मॅचचा, आकडा फसवतो. एंडोची पहिली मॅच नोव्हेंबर 2002 मधे अर्जेंटिनाशी, कोच झिको. 2006 च्या वर्ल्ड कपला टीममधे नाव, जर्मनीला गेला, आणि एक मिनिट पण खेळवलं नाही. चार वर्षांनी साउथ आफ्रिकेत तोच माणूस टीम चालवत होता. 2011 चा एशियन कप जिंकला, शेवटची मॅच 2015 च्या एशियन कपला यूएईविरुद्ध, पेनल्टीवर हरले. 2006 समोर "स्क्वॉडमधे, 0 मिनिटं" असं स्पष्ट लिहा, नाहीतर तीन वर्ल्ड कप खेळला असं चुकीचं लिहून बसाल.

इथपर्यंत झालं कागदाचं, आता मॅच बघा, त्याशिवाय हे सगळं अर्धवट. जुन्या मॅचचं फुल रेकॉर्डिंग मिळालं तर उत्तम, आणि बघायची पद्धत अशी की सलग दहा मिनिटं बॉल सोडून फक्त त्या एका माणसाकडे बघायचं. अवघड जातं, नजर सारखी बॉलकडे पळते, तरी करा. एंडोच्या बाबतीत काय दिसेल सांगतो. तो पळतोय असं वाटतच नाही. बॉल यायच्या आधी मान एकदा इकडे एकदा तिकडे, मग दोन पावलं बाजूला, आणि बॉल आला की समोरच्याला पोचायला उशीर झालेला असतो. पासचा वेग बघा, घेणाऱ्याच्या कुठल्या पायावर दिलाय ते बघा. घाई करायची असेल तर जोरात सरळ पायात, थांबवायचं असेल तर मुद्दाम हळू. जपानी कॉमेंटरी लावली तर ह्या जागेला "बोरांची" म्हणताना ऐकू येईल, बॅकलाइनच्या पुढे बसून खेळ चालवणारा तो.

मग त्याची पेनल्टी बघा, जपानमधे "कोरोकोरो" म्हणून प्रसिद्ध आहे. दोन-चार पावलांचा संथ रनअप, डोकं खाली नाहीच, नजर गोलकीपरवर, कीपरचं वजन एका पायावर गेलं की पायाच्या आतल्या बाजूने बॉल दुसऱ्या बाजूला नुसता घरंगळत सोडायचा. जोर अजिबात नाही. प्लेबॅक स्लो करून कीपरचे गुडघे बघा, सगळं तिथे आहे. डेन्मार्कविरुद्धची फ्री किक पण बघाच, 24 जून 2010, रुस्टेनबर्ग. आधी होंडाने डाव्या पायाने लांबून एक मारलेली होती, दुसऱ्या फ्री किकला बॉलजवळ दोघं उभे, आणि ह्या वेळी एंडोने उजव्या पायाने भिंतीच्या कडेने वळवून आत टाकली. 3-1 जिंकले. होंडाचा गोल आधी नीट बघितल्याशिवाय एंडोच्या गोलाची मजा कळणार नाही, म्हणून क्लिप कापलेली नको, पहिला अर्धा तास पूर्ण बघा.

उतरणीची वर्षं पण गाळू नका. ऑक्टोबर 2020 ला एंडो लोनवर, म्हणजे तात्पुरता उसना, जुबिलो इवाताला गेला, जे-टूत, 40 वर्षांचा असताना, 2021 ला त्यांना जे-टू जिंकून दिली, मग तिथेच राहिला, आणि जानेवारी 2024 मधे निवृत्त होऊन गांबात कोच म्हणून परतला. लोन दिसली की "नको झाला म्हणून पाठवला" असं धरू नका, वरच्या डिव्हिजनच्या बेंचवर बसण्यापेक्षा खालच्या डिव्हिजनमधे नव्वद मिनिटं खेळणं ही पण निवड असते.

एक शीट झाली की दुसरी शेजारी ठेवा, त्यासाठी हासेबे घ्या. तो 2008 ते 2024 जर्मनीत, वोल्फ्सबर्गबरोबर 2008-09 ची बुंडेसलिगा (तिथली सगळ्यात वरची लीग), मग न्युर्नबर्ग, मग फ्रँकफर्टबरोबर 2018 ला जर्मन कप आणि 2022 ला युरोपा लीग. त्याच्या जागेचा रकाना भरताना दमछाक होईल, मिडफिल्ड, राइट बॅक, फ्रँकफर्टमधे निको कोवाचच्या काळात बॅकलाइनच्या मधोमध, आणि 2011 मधे होफेनहाइमविरुद्ध कीपरला रेड कार्ड आणि सब्स्टिट्यूशन संपलेले म्हणून चक्क गोलमधे. एंडोच्या शीटमधे जागा जवळजवळ हलत नाही, इथे दर दोन वर्षांनी हलते, आणि दोघंही चाळिशीपर्यंत खेळले.

आजचा कोणी पाहिजे असेल तर वातारू एंडोची सुरू करा, शोनान बेलमारेपासून. त्यात 14 मे 2022 ची मॅच नक्की बघा, स्टुटगार्ट विरुद्ध कोलोन, 92 व्या मिनिटाला कॉर्नरवरून त्याच्या हेडरने त्याची टीम स्टुटगार्ट रेलिगेशनच्या प्लेऑफमधून वाचली. पण शीटमधे त्या गोलाच्या आधी हे लिहा की 2020-21 आणि 2021-22 दोन्ही सीझनला बुंडेसलिगात सगळ्यात जास्त ड्युएल, म्हणजे बॉलसाठी एकास एक झटापटी, त्यानेच जिंकले होते, 30 वर्षांच्या डिफेन्सिव्ह मिडफिल्डरला लिव्हरपूलने ऑगस्ट 2023 मधे का घेतलं ते त्या दोन ओळींत मिळेल.