मॅच अर्ध्यावर सुटते आणि बॅन बसतो? या चुका टाळा

पाऊस लागला की गोव्यात डिचोली, सत्तरी, पेडण्याकडच्या ऑनलाइन गेम खेळणाऱ्या पोरांची एक तक्रार हमखास कानावर येते. "मॅच मी सोडलीच नव्हती, वीज गेली. मग बॅन मला का?" तक्रार खरी असते आणि बॅन, म्हणजे काही काळ खेळण्यावरची बंदी, तीही नियमाला धरूनच असते. सर्व्हरला दिसतं ते एवढंच, की दहा जणांपैकी एकाकडून येणारा डेटा थांबला. तारेवर फांदी पडली, घरच्या कुणी राउटरचं बटण बंद केलं की हरायला लागल्यावर रागाने गेमच बंद केला, यातला फरक कळायची त्याच्याकडे काही सोय नाही. म्हणून बहुतेक गेम कारणाच्या भानगडीत न पडता सरळ गैरहजेरी मोजतात.

बॅन मॅचच्या मध्यात बसतो, पण त्याचं कारण बऱ्याचदा 'स्टार्ट' दाबण्याआधीच तयार झालेलं असतं. आणि बॅन ही तशी लहान गोष्ट. पाच जणांच्या टीममधला एक गेला की उरलेल्या चौघांचा अर्धा-पाऊण तास फुकट जातो. त्यांनीही दिवसभराचं काम, कॉलेज, क्लास आटपून तेवढाच वेळ काढलेला असतो. मला या सगळ्यात जास्त टोचतं ते हेच.

वेळ न बघता रँक्ड लावणं

रँक्ड म्हणजे ज्या मॅचवर तुमचा रँक ठरतो ती. "जेवण वाढेपर्यंत एक मॅच होते" हा अंदाज जवळजवळ नेहमी चुकतो. व्हॅलोरंटमध्ये जिंकायला १३ राउंड लागतात. मॅच अटीतटीची झाली तर ३५-४० मिनिटं धरा, आणि १२-१२ झालं की त्यावर ओव्हरटाइम. काउंटर-स्ट्राइक २ मध्येही १३ राउंडच. डोटा २ ची मॅच कधी अर्ध्या तासात संपते, कधी तास ओलांडते. बीजीएमआयमध्ये एरंगेल नकाशावरच्या क्लासिक मॅचला शेवटच्या सर्कलपर्यंत टिकलात तर साधारण अर्धा तास जातो.

चवथीच्या दिवसांत तर याचा हिशेब आधीच करून ठेवा. घरची आरती झाली की शेजारची, मग वाड्यावरची. घुमट-शामेळ ही आरतीची वाद्यं लागली की कुठली आरती किती रंगेल हे कुणालाच सांगता येत नाही, आणि हाक आली की उठावंच लागतं. उठावंही. त्या दिवसांत रँक पुश करायचाच असेल तर सगळे झोपल्यावर करा. मधल्या वेळेत व्हॅलोरंटचा डेथमॅच किंवा बीजीएमआयचा टीडीएम (टीम डेथमॅच) खेळा, दहा मिनिटांत मोकळे. इतर दिवशी घरच्यांना घड्याळाची वेळ सांगून बसा. "आई, साडेआठपर्यंत मला उठता यायचं नाही, काही आणायचं असेल तर आत्ताच सांग," एवढं बोललं की मधली अर्धी भांडणं होतच नाहीत. "पाच मिनिटं थांब" हे चाळीस मिनिटं सांगत राहण्यापेक्षा ते केव्हाही बरं. डोटात पॉज आहे खरा, पण समोरची टीम तो उठवू शकते, त्यामुळे त्याच्या भरवशावर नारळ सोलायला जाऊ नका. व्हॅलोरंटच्या रँक्डमध्ये किंवा बीजीएमआयच्या क्लासिकमध्ये तर पॉज नाहीच.

वीज गेली की सगळं संपलं असं मानणं

गोव्यात खेळणाऱ्यांना सगळ्यात जास्त छळतो तो हाच भाग, म्हणून इथे जरा सविस्तर.

पहिली चूक इन्व्हर्टरवर डोळे झाकून विसंबण्याची. घरात इन्व्हर्टर असतो, वीज गेल्यावर पंखे आणि दिवे चालूही राहतात, पण राउटर ज्या प्लगला लावलाय तो प्लग इन्व्हर्टरच्या लाइनवर नसतो. दिवसाउजेडी मेन स्विच पाडून एकदा बघून घ्या. राउटर जिवंत राहिला पण कॉम्प्युटर रीस्टार्ट झाला, तर इन्व्हर्टरच्या मागचं किंवा पुढचं बटण तपासा. बऱ्याच इन्व्हर्टरना 'इको' आणि 'यूपीएस' असे दोन मोड असतात. वीज जाऊन बॅटरी सुरू होईपर्यंतचा क्षण यूपीएस मोडमध्ये लहान असतो, त्यामुळे कॉम्प्युटर सहसा तग धरतो.

इन्व्हर्टर नसेल तर राउटरसाठी मिनी यूपीएस मिळतो. लहान डबीएवढाच असतो आणि राउटर काही तास चालवतो. घेण्याआधी राउटरच्या अडॅप्टरवर छापलेले व्होल्ट आणि अँपिअर वाचा. बहुतेक राउटर १२ व्होल्टचे असतात, सगळे नाहीत. फायबरची पेटी वेगळी आणि वायफाय राउटर वेगळा असेल तर दोन्हींना बॅकअप लागेल. एकालाच दिला तर वायफायचं चिन्ह पूर्ण दिसतं आणि नेट मात्र नसतं.

तरीही नेट जात असेल तर प्रश्न घराबाहेरचा. कंपनीच्या एक्स्चेंजपासून घरापर्यंत सरळ फायबर आलेली असेल, तर मध्ये वाटेत विजेवर चालणारं यंत्र सहसा नसतं. सगळ्या गावात काळोख असला तरी एक्स्चेंजला बॅकअप असेपर्यंत तुमचं नेट चालू राहू शकतं. काही ठिकाणी मात्र केबलवाल्याचा स्विच खांबावर किंवा कुणाच्या तरी पडवीत बसवलेला असतो आणि तो तिथल्याच विजेवर चालतो. तिथे तुमचा मिनी यूपीएस कितीही चांगला असला तरी उपयोग नाही. कनेक्शन घेतानाच केबलवाल्याला विचारा, "गावातली वीज गेली तर लाइन राहते का?"

आता प्रत्यक्ष मॅचच्या मध्यात नेट गेलं तर काय करायचं. बहुतेक जण आधी राउटर बंद करून चालू करतात. तेच महागात पडतं, कारण पेटी पुन्हा पूर्ण सुरू व्हायला दोन-तीन मिनिटं जातात. डोटामध्ये तुटल्यापासून पाच मिनिटांत परत आला नाहीत तर मॅच सोडल्याची नोंद होते. म्हणजे निम्मा वेळ दिवे लुकलुकताना बघण्यातच गेला. आधी फायबरच्या पेटीकडे एक नजर टाका. 'एलओएस' लिहिलेला दिवा लाल झाला असेल तर बाहेरून प्रकाशच येत नाही, बहुधा कुठे तरी वायर तुटली आहे. शंभर वेळा रीस्टार्ट केलं तरी फरक पडणार नाही. थेट फोनचा हॉटस्पॉट चालू करा आणि मॅचमध्ये शिरा. त्यासाठी हॉटस्पॉटचं नाव आणि पासवर्ड कॉम्प्युटरमध्ये आधीच जोडून ठेवलेला हवा. काळोखात, माइकवर चौघं "कुठे गेला रे" म्हणत असताना पासवर्ड टाइप करायला बसू नका. राहिलेली मॅच खेळायला डेटाही फार लागत नाही. डेटा खातात ते गेमचे अपडेट.

वीज असतानाही नेट अडखळत असेल तर भिंतींकडे बघा. जुन्या घरांच्या चिऱ्याच्या जाड भिंतींतून ५ गिगाहर्ट्झचं वायफाय नीट जात नाही. राउटर सोप्यात आणि खेळणारा मागच्या खोलीत असेल तर सिग्नल येत-जात राहतो. २.४ गिगाहर्ट्झवर या, नाहीतर कॉम्प्युटरपर्यंत सरळ लॅन केबल ओढा. मला विचाराल तर महागड्या गेमिंग राउटरपेक्षा ती साधी केबलच घ्या. फोनवर खेळत असाल तर वायफाय कमजोर झाल्यावर आपोआप मोबाइल डेटावर जाण्याचं सेटिंग खेळताना बंद ठेवा. या अदलाबदलीत नेटवरचा तुमचा पत्ताच बदलतो आणि गेम तुम्हाला बाहेर फेकतो. फोनचा गेम मोड लावून कॉल अडवा. कमी रॅमच्या फोनवर मॅच चालू असताना व्हॉट्सॲप उघडायचं टाळा, कारण जागा करण्यासाठी फोन मागचा गेमच बंद करून टाकतो.

वीज खात्याने दुरुस्तीसाठी वीज बंद ठेवण्याची सूचना दिली असेल, किंवा वादळी पावसाचा इशारा असेल, त्या संध्याकाळी रँक्ड लावूच नका.

परत न जाणं

डीसी (डिस्कनेक्ट) झाला, आता बॅन बसलाच, जाऊ दे, असं म्हणून पोरं फोन ठेवून देतात. हे चूक. गेम पुन्हा उघडला की जवळपास प्रत्येक मोठ्या गेममध्ये चालू मॅचमध्ये परतण्याचं बटण येतं. दोन राउंड चुकले तरी परत जा. दंड टळण्याची किंवा कमी होण्याची शक्यता राहते, आणि टीमला पाचवा माणूस मिळतो. गेम अनइन्स्टॉल करणं, फाइल्स रिपेअर करणं, अपडेट शोधणं हे उद्योग मॅच संपल्यावर करा.

आत राहून न खेळणं

सोडली तर दंड बसतो म्हणून काही जण बेसमध्येच उभे राहतात, किंवा गेमने एएफके (जागेवर नाही) धरू नये म्हणून भिंतीला धडका देत फिरतात. गेम हालचालीवर, केलेल्या नुकसानीवर लक्ष ठेवतात आणि टीममेटचे रिपोर्टही जातात. अशाने दोन दंड एकदम बसू शकतात. कॅरेक्टर निवडण्याच्या स्क्रीनवरून पळणंही फुकट नाही. व्हॅलोरंटमध्ये त्याला रँकचे गुण जातात आणि वाट बघावी लागते, वारंवार केलं तर जास्त.

दुसरा गेला म्हणून आपणही जाणं

एक जण सोडून गेला की मॅच बिघडली हे खरं, पण म्हणून तुमचं जाणं माफ होत नाही. बऱ्याच गेमनी याला वाट ठेवली आहे, ती वापरा. व्हॅलोरंटमध्ये कुणी सुरुवातीलाच गायब असेल तर रीमेकचं मतदान होतं. उरलेल्या सगळ्यांनी होकार दिला तर मॅच रद्द होते आणि गुण गायब असलेल्याचे जातात. हे मतदान अगदी सुरुवातीलाच होतं, तेव्हा चॅटमध्ये भांडत बसून ती वेळ घालवू नका. डोटामध्ये कुणी मॅच सोडली आणि इतरांना बिनदंड जाता येत असेल तर स्क्रीनवर तसं स्पष्ट लिहून येतं. ते वाचल्याशिवाय उठू नका. एपेक्स लेजंड्सच्या रँक्डमध्ये तुम्ही मेलात तरी टीममेट तुमचा बॅनर उचलून तुम्हाला परत आणू शकत असेल, तोवर निघालात तर दंड बसतो. बाकी हरणं नक्कीच असेल तर काही गेममध्ये सरेंडरचं मतदान आहे. चौघांना विचारून हरणं आणि चौघांना टाकून जाणं, यात फार मोठा फरक आहे.

टायमर संपला की खातं स्वच्छ झालं असं समजणं

काउंटर-स्ट्राइकमध्ये पहिल्या चुकीला ३० मिनिटं, मग २ तास, मग २४ तास, मग ७ दिवस, असा दंड चढत जातो. तीस मिनिटं संपली म्हणून पायरी खाली येत नाही. त्यासाठी साधारण आठवडाभर चूक न करता काढावा लागतो, आणि आठवड्याला एकच पायरी उतरते. पावसाळ्यात हे विसरणारे दोन संध्याकाळींतच २४ तासांच्या पायरीवर पोचतात. वर चढलेला असाल तर नेट भरवशाचं होईपर्यंत कॉम्पिटिटिव्ह बाजूला ठेवा.

डोटाच्या लो प्रायॉरिटीत, म्हणजे मॅच सोडणाऱ्यांच्या वेगळ्या रांगेत, तर नुसता वेळ काढून सुटका नाही. तिथे ठरलेल्या संख्येने मॅच जिंकाव्या लागतात, त्याही सिंगल ड्राफ्ट या ठरावीक प्रकारात. लीग ऑफ लेजंड्समध्ये पुढच्या काही मॅचच्या आधी क्यूमध्ये (मॅच मिळण्याच्या रांगेत) सक्तीने थांबावं लागतं, आणि कंटाळून क्यू सोडली की घड्याळ पुन्हा पहिल्यापासून सुरू. बीजीएमआयमध्ये मेरिटचे १०० पैकी गुण असतात. मॅच पूर्ण खेळत गेलात की ते हळूहळू भरतात, पडताना मात्र भराभर पडतात.

बुद्धिबळ खेळणाऱ्यांनीही

गोव्याने अनुराग म्हामल, लिऑन मेंडोन्सा आणि भक्ती कुलकर्णी यांच्यासारखे बुद्धिबळपटू दिले. २०२५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये विश्वचषक इथेच झाला आणि उझबेकिस्तानचा जावोखिर सिंदारोव तो जिंकला. अशा ठिकाणची मुलं हरतोय असं दिसल्यावर ॲप बंद करून समोरच्याला घड्याळाकडे बघत बसवतात, याचं मला खरंच वाईट वाटतं. लिचेस या बुद्धिबळाच्या साइटवर असा डाव टाकून गेलात तर थोड्या वेळाने समोरच्याला विजय मागता येतो, आणि वारंवार केलं किंवा डाव सुरू होताच रद्द करत राहिलात तर खेळण्यावर तात्पुरती बंदी येते, पुढे ती लांबत जाते. ध्वजाचं चिन्ह दाबून हार मान्य करायला दोन सेकंद लागतात.

दंड चुकवायला नवं खातं, नाहीतर भावाचं खातं

व्हॅलोरंटचं नवं खातं २० व्या लेव्हलपर्यंत रँक्डला चालत नाही. डोटात रँक्डसाठी १०० तासांचा खेळ आणि स्वतःचा फोन नंबर लागतो. त्यापेक्षा दंड भोगून होतो लवकर. एकच खातं दोघं भाऊ वापरत असाल तर धाकट्याने मध्येच सोडलेली मॅचही त्याच खात्यावर चढते. त्याला त्याचं वेगळं खातं काढून द्या.

सपोर्टला रागाने लिहून उपयोग नाही. हे दंड यंत्राने लागतात, आणि वीज गेली होती म्हणून ते सहसा मागे घेत नाहीत. मात्र सर्व्हरच पडला असेल, तुमच्याबरोबर बाकीचेही एकाच क्षणी बाहेर फेकले गेले असतील, तर जरूर लिहा. मॅच आयडी, तारीख, वेळ आणि एररचा स्क्रीनशॉट जोडा, आणि तो स्क्रीनशॉट खिडकी बंद करण्याआधीच काढून ठेवा.